पैसे बाकी असताना घटस्फोट द्यायचा का?

मिरजेची लेक
काल कुणीतरी लिहिलं, "पैशापायी घटस्फोट अडवू नका. आधी माणसं मोकळी करा, हिशेब नंतर बघू. बायकांच्या हावेमुळं निकाल लांबतात." वाचून डोकं फिरलं, म्हणून सविस्तर लिहिते.

माझ्या धाकट्या बहिणीचं प्रकरण संमतीचं. मध्यस्थीत आकडा ठरला, दोघांच्या सह्या झाल्या, निम्मे पैसे आले. उरलेले निकालाच्या दिवशी द्यायचे होते. तेव्हापासून नवरा कोर्टात फिरकलेलाच नाही. कधी अशील आजारी म्हणून अर्ज, कधी उसाचं बिल जमा झालं नाही. बहीण व्हरांड्यातल्या बाकावर पोराला डबा भरवत पुकाऱ्याची वाट बघते आणि रोजनाम्यात नुसती पुढची तारीख पडते. लांबवतंय कोण? हुकूम आधी दिला तर राहिलेले पैसे ती कशाच्या जोरावर मागणार?

कराडकर
काल ते मीच लिहिलं होतं. हिंदू विवाह कायद्याचं कलम 25 वाचा. पोटगीचा आदेश निकालाच्या वेळी होतो, तसा नंतरही होतो. मग माणूस का अडकवायचा? माझ्या भावानं ठरल्याप्रमाणं निम्मी रक्कम दिली, तर तिकडून निरोप आला की आता दागिनेही पाहिजेत. निकाल होईपर्यंत संमती मागं घेता येते. पैसे देऊन बसलेल्यानं कुणाकडं बघायचं? चाळिशी उलटली त्याची, दुसरं लग्न जमलेलं मोडलं.

साताऱ्याचा वकील
2017 मध्ये सुप्रीम कोर्टानं अमरदीप सिंग प्रकरणात संमतीच्या घटस्फोटात सहा महिने थांबायची मुदत माफ करायची मुभा दिली. पण पोटगी, मुलांचा ताबा, सगळं खरोखर मिटलेलं असलं तरच. म्हणजे पैसा घटस्फोटाच्या बाहेरचा विषय नाही. कराडकर, तुमची भीती खरी आहे, पण तिला उपाय आहे. उरलेल्या रकमेचा डीडी कोर्टात जमा करायचा, निकालाच्या दिवशी तो तिच्या हातात. "नंतर बघू" म्हणजे दरखास्त, हुकूम अमलात आणायला कोर्टात पुन्हा अर्ज. बेलिफ जप्तीला जातो तेव्हा जमीन वडिलांच्या नावावर, ट्रॅक्टर चुलत्याच्या.

तासगावचा बागायतदार
आलंच शेवटी शेतकऱ्यावर! वडील हयात असताना जमीन त्यांच्या नावावर नसेल तर कुणाच्या? अवकाळीत घड कुजले, सोसायटीचं कर्ज डोक्यावर, तरी कोर्टात म्हणतात बागायतदार आहे, देईल की. आमच्याकडं पगाराची स्लिप नसते म्हणून आम्ही सगळे लबाड?

मिरजेची लेक
सगळे कुणीच म्हटलं नाही. पण बाग गेली त्याच वर्षी माझ्या बहिणीच्या नवऱ्याच्या दारात नवी चारचाकी उभी राहिली. सुप्रीम कोर्टाच्या 2020 च्या रजनीश-नेहा निकालापासून पोटगीच्या दाव्यात दोघांनाही मिळकतीचं शपथपत्र द्यावं लागतं. त्यात खरं लिहा, वाद मिटला.

बागायतदार
गाडी कर्जावर येते ताई. खात्यावर काय शिल्लक आहे ते बघायला या एकदा.

विट्याची सून
दादा, तुमची बाग निदान जागेवर सापडते. आमच्याकडचे गलाईवाले, म्हणजे सोनं-चांदी गाळणारे, दुकान परराज्यात थाटतात. समन्स जातं आणि "या पत्त्यावर राहत नाही" असा शेरा घेऊन परत येतं. दरमहा पोटगीचा हुकूम माझ्या हातात आहे. पण थकबाकीसाठी वॉरंट पाहिजे तर थकल्यापासून वर्षाच्या आत अर्ज लागतो, हे माझ्या वकिलानं सांगितलंच नाही. तेवढ्या महिन्यांवर वॉरंट निघालं नाही. फौजीच्या बायकोला तरी पगारातून कापून मिळतं. आम्ही नुसती वाट बघायची, आणि वर हावरट म्हणून घ्यायचं!

वकील
वॉरंटवर आत बसला तरी देणं फिटत नाही, एवढं ध्यानात ठेवा. आणि नवी थकबाकी आता वर्ष उलटू देऊ नका.

कराडकर
विट्याच्या ताईंचं वाईट झालं, त्यावर माझं काही म्हणणं नाही. डीडी कोर्टात ठेवायलाही हरकत नाही, भावाला सांगतो. पण त्याच दिवशी समोरच्यांनी लिहून द्यायचं की दागिन्यांचा हक्क सोडला.

मिरजेची लेक
डीडीचा अर्ज द्यायला मीही आमच्या वकिलांना सांगते. दागिन्यांचं मात्र पटत नाही. यादी करून तडजोडीच्या अटींतच घाला ना.

विट्याची सून
माहेरानं अंगावर घातलेलं सोनं स्त्रीधन असतं, कराडकर. ते तुमच्या भावाच्या कपाटात असलं म्हणून त्याचं होत नाही. ते परत करा, मग सह्या मागा.