मदत हवी आहे: व्हीएलएफ रिसीव्हरमध्ये विजांची कडकड नाही, नुसती घरघर

प्रश्न – शिट्टीशोधक

विजांमधून निघणाऱ्या अतिमंद वारंवारितेच्या रेडिओलहरी (व्हीएलएफ; मला ऐकायचा पट्टा साधारण ३०० हर्ट्झ ते २० किलोहर्ट्झ) ऐकण्यासाठी रिसीव्हर जोडला आहे. रचना अशी:

अँटेना: दीड मीटरची टेलिस्कोपिक दांडी, गच्चीच्या कठड्याला उभी बांधलेली. तिथून २ मीटर कोॲक्स केबल खाली डब्यापर्यंत. डब्यात २एन३८१९ जेफेट (एक प्रकारचा ट्रान्झिस्टर, गेट हे त्याचं इनपुट), सोर्स फॉलोअर (व्होल्टेज न वाढवता सिग्नल पुढे देणारी जोडणी), सोर्सला २.२ किलोओम, ९ व्होल्टची बॅटरी. मूळ आकृतीत गेटपासून ग्राउंडला १० मेगओम होता, संवेदनशीलता वाढावी म्हणून १०० मेगओम लावला. आउटपुट १ मायक्रोफॅरडमधून लॅपटॉपच्या माइक सॉकेटमध्ये. रेकॉर्डिंग ४८ किलोहर्ट्झ, एमपी३.

ऐकू काय येतं? फक्त घरघर. स्पेक्ट्रोग्रामवर (वेळ आडवी, वारंवारिता उभी दाखवणारं चित्र) ५०, १५०, २५० हर्ट्झ अशा आडव्या रेघा थेट ४-५ किलोहर्ट्झपर्यंत. विजांची कडकड, ट्वीक (दूरच्या विजेचा आखूड टिवटिवाट), व्हिसलर (लांब घसरती शिट्टी) यातलं काहीही नाही. नंतर आणखी ४० डेसिबलचा ॲम्प्लिफायर जोडला, घरघर मोठी झाली इतकंच.

प्रश्न तीन. आसपास वादळ नाही म्हणून सिग्नल नाही का? अजून गेन हवा का? आणि याच डब्यावर शूमान अनुनादाचे (पृथ्वीभोवतीच्या पोकळीत विजांमुळे घुमणाऱ्या लहरी) ७.८३ हर्ट्झ दिसतील का?

प्रतिसाद – पिकोफॅरड

गेन अजिबात वाढवू नका. बिघाड गेटच्या अलीकडे आहे, पलीकडे नाही.

उभी दांडी म्हणजे या वारंवारितेला एक छोटा कपॅसिटर, मीटरमागे साधारण १० पिकोफॅरड. तुमची दांडी झाली १५. कोॲक्स मीटरला १०० पिकोफॅरड धरा, म्हणजे २ मीटरचे २००. जेफेटच्या गेटचे ५. हे सगळे मिळून व्होल्टेज वाटून घेतात, त्यामुळे गेटवर पोचतात २२० पैकी १५ भाग, जेमतेम ७ टक्के. बाकीचं केबलने खाल्लं.

आता १०० मेगओमचं. गेटचा रेझिस्टर आणि ही सगळी कपॅसिटन्स मिळून हाय-पास फिल्टर (सीमेखालच्या वारंवारिता दाबणारा) तयार होतो. १०० मेगओम आणि २२० पिकोफॅरड यांची सीमा येते ७ हर्ट्झवर, म्हणजे घरातल्या ५० हर्ट्झला दार सताड उघडं. केबल काढून प्रीॲम्प थेट दांडीच्या बुडाशी बसवा आणि १० मेगओम परत लावा. मग उरतात २० पिकोफॅरड, सीमा जाते ८०० हर्ट्झला. ५० हर्ट्झ तिथेच सोळा पटींनी दबतो आणि ५ किलोहर्ट्झच्या विजा पूर्वीपेक्षा अकरा पट मोठ्या येतात. दोन बदल आणि खर्च शून्य! १.७ किलोहर्ट्झला जेमतेम १० टक्के घट होते, ट्वीकसाठी ती चालते.

तसंही १०० मेगओम नावापुरताच असतो. बोर्डावर सोल्डरचा फ्लक्स राहिला असेल किंवा हवा दमट असेल, तर गळती त्याहून जास्त होते. गेटची जोडणी बोर्डाला न टेकवता हवेत करा, डबा स्पिरिटने पुसा.

लांब केबल हवीच असेल तर ती फॉलोअरच्या नंतर टाका. तिथे आउटपुटचा रोध काहीशे ओम, मग १० मीटर कोॲक्सनेही काही बिघडत नाही.

प्रतिसाद – जुनी कॉइल

वरच्याशी सहमत, पण गच्ची ही जागाच चुकीची आहे. घराच्या वायरिंगचं विद्युत क्षेत्र इतकं मोठं असतं की जेफेटच टोकाला जाऊन आदळतो. वेव्हफॉर्म मोठा करून पाहा. शिखरं सपाट कापलेली दिसली तर त्या प्रत्येक शिखरापाशी रिसीव्हर काही क्षण बहिरा होतो. पुढे कुठलाही नॉच फिल्टर (एकच वारंवारिता कापणारा) लावा, कापलेलं परत येत नाही. शिवाय नॉच तरी किती लावणार? दर १०० हर्ट्झला एक रेघ आहे.

वीजवाहिन्यांपासून निदान ५०० मीटर, जमलं तर किलोमीटरभर लांब उघड्यावर जा. एलईडी दिव्यांचे ड्रायव्हर, सोलर इन्व्हर्टर, मोबाइलचे चार्जर हे सगळे वरच्या किलोहर्ट्झमध्ये कचरा टाकतात. झाडंही उभं विद्युत क्षेत्र अडवतात. झाडाच्या उंचीच्या दुप्पट अंतर सोडा.

घराजवळच ऐकायचं असेल तर लूप करा: १ मीटर बाजूचा चौकोन, ४० वेढे. लूप चुंबकीय क्षेत्र पकडतो. फिरवला की दोन दिशांना तो बहिरा होतो आणि घरघरीचा एखादा उगम त्या दिशेत गाठता येतो. उगम अनेक असतील तर अर्थातच अर्धंच काम होतं. सिग्नल फार बारीक असतो. ५ किलोहर्ट्झला १ पिकोटेस्लामागे जेमतेम सव्वा मायक्रोव्होल्ट. म्हणून तिथे मात्र कमी नॉइझचा चांगला ॲम्प्लिफायर लागतो, जेफेट फॉलोअर पुरत नाही.

प्रतिसाद – पिकोफॅरड

ग्राउंडचं राहिलं. दांडीला दुसरं टोक लागतं. डबा प्लॅस्टिकच्या स्टुलावर मोकळा ठेवला तर सिग्नल पडतो. ओल्या मातीत फूटभर सळई ठोका, नाहीतर डबा हातात धरा, शरीर ते काम करतं. लॅपटॉप चार्जरवर चालवाल तर ग्राउंड मेन्सला जोडला जाईल आणि घरघर मागच्या दाराने परत येईल. लॅपटॉप बॅटरीवर ठेवा, मध्ये ६०० ओमचा १:१ ऑडिओ ट्रान्सफॉर्मर टाका.

माइक सॉकेटऐवजी लाइन-इन वापरा. माइकच्या सॉकेटवर इलेक्ट्रेट माइकसाठी डीसी असतो, आणि आवाज सुधारणारं सॉफ्टवेअर कडकडीला नको असलेला खरखराट समजून पुसून टाकतं. जे ऐकायचं तेच जातं! नॉइझ सप्रेशन आणि ऑटोमॅटिक गेन बंद करा. एमपी३ नको, डब्ल्यूएव्ही ठेवा.

मध्येच रेडिओवरचं भाषण ऐकू यायला लागलं तर मध्यमलहरी केंद्र आत शिरतंय. गेटला सिरीजमध्ये १०० किलोओम द्या आणि फॉलोअरनंतर १ किलोओम व ३.३ नॅनोफॅरड. दुसऱ्या फिल्टरची सीमा ४८ किलोहर्ट्झ, म्हणजे आपल्या पट्ट्याला धक्का लागत नाही.

प्रतिसाद – आयनांबर

पहिल्या प्रश्नाचं उत्तर द्यायचं राहिलंय. जवळ वादळ नको, नसलेलंच बरं. पृथ्वीवर दर सेकंदाला सरासरी ४० ते ५० विजा चमकतात. त्यांची सर्वाधिक ऊर्जा ५ ते १० किलोहर्ट्झच्या आसपास असते, आणि जमीन व आयनांबर (वातावरणाचा वरचा विद्युतभारित थर) यांच्यामधल्या पोकळीतून ती हजारो किलोमीटर जाते. त्यामुळे चालू रिसीव्हरमध्ये कडकड सदैव असायलाच हवी, निरभ्र आकाशातसुद्धा.

रिसीव्हर जिवंत आहे का हे तपासायला विजांची वाट पाहू नका. पाणबुड्यांशी बोलणारी नौदलाची प्रक्षेपण केंद्रं व्हीएलएफमध्येच आहेत: ऑस्ट्रेलियातलं नॉर्थ वेस्ट केप १९.८ किलोहर्ट्झ, जर्मनीतलं २३.४. स्पेक्ट्रोग्रामवर तिथे सलग आडवी रेघ दिसली की डबा ठीक आहे. ४८ किलोहर्ट्झ सॅम्पलिंगला २४ किलोहर्ट्झपर्यंतच दिसतं हे लक्षात असू द्या.

काय केव्हा मिळेल: साधी कडकड दिवसरात्र. ट्वीक फक्त रात्री, कारण दिवसा आयनांबराचा खालचा डी थर त्या वारंवारिता गिळतो. व्हिसलर मध्यरात्र ते पहाट, तेही मध्यम भूचुंबकीय अक्षांशांवर बऱ्यापैकी, विषुववृत्ताजवळ दुर्मीळ. विजेची लहर आयनांबर भेदून चुंबकीय क्षेत्ररेषेवरून दुसऱ्या गोलार्धात जाते, उंच स्वर आधी पोचतो आणि खालचा मागून, म्हणून घसरती शिट्टी. हा खुलासा स्टोरी यांनी १९५३ साली केला. बार्कहाउझेन यांनी मात्र पहिल्या महायुद्धात शत्रूचे टेलिफोन चोरून ऐकतानाच या शिट्ट्या टिपल्या होत्या.

घसरता प्रत्येक आवाज व्हिसलर नसतो. उशीर हा वारंवारितेच्या वर्गमुळाच्या व्यस्त प्रमाणात असतो. स्थिरांक ६० असेल (उशीर म्हणजे ६० भागिले हर्ट्झमधल्या वारंवारितेचं वर्गमूळ) तर ४ किलोहर्ट्झ ०.९५ सेकंदाने आणि १ किलोहर्ट्झ १.९ सेकंदाने येतो. रेघ या वक्रावर बसत नसेल तर शेजारचा कुठलातरी इन्व्हर्टर गातोय.

प्रतिसाद – जुनी कॉइल

शूमानचं स्पष्टच सांगते: या डब्यावर नाही. ८०० हर्ट्झची सीमा आणि साउंड कार्डचा कपॅसिटर, दोन्हीकडून ७.८३ हर्ट्झ मारला जातो. सीमा खाली आणली की ५० हर्ट्झ मानगुटीवर. त्यासाठी म्यूमेटल किंवा फेराइट गाभ्यावर हजारो वेढ्यांची कॉइल, जमिनीत पुरलेली, माणसांपासून लांब, आणि मिनिटं नव्हे तर तासांची सरासरी लागते. चुंबकीय क्षेत्र एका पिकोटेस्लाच्या आसपास असतं, कॉइल वाऱ्याने हलली तरी पृथ्वीच्या चुंबकत्वामुळे त्याहून मोठा सिग्नल तयार होतो.

‘पृथ्वीचा नाद’ म्हणून जे व्हिडिओ फिरतात त्यांच्याकडे दुर्लक्ष करा. ही विद्युतचुंबकीय लहर आहे, आवाज नव्हे. शूमान यांनी १९५२ मध्ये भाकीत केलं, बाल्सर आणि वॅग्नर यांनी १९६० मध्ये मोजलं. आदर्श, गळती नसलेल्या पोकळीचं गणित १०.६ हर्ट्झ देतं. आयनांबर तितका चांगला वाहक नाही, म्हणून प्रत्यक्षात ७.८३, मग १४.३, २०.८.

प्रतिसाद – आयनांबर

आणि मोकळ्या मैदानात उभी दांडी हातात घेऊन उभं राहण्याबद्दल: गडगडाट ऐकू आला की त्याच क्षणी काम बंद. गडगडाट ऐकू येतो म्हणजे वीज पोचण्याच्या अंतरात आहे. शेवटच्या गडगडाटानंतर अर्धा तास बाहेर पडू नका. सामान उचलायलाही नाही, ते राहू द्या तिथेच.

प्रश्नकर्ता – शिट्टीशोधक

सर्वांचे आभार. प्रीॲम्प दांडीच्या बुडाशी हलवला, १० मेगओम लावला, डबा मैदानात. १९.८ ची रेघ स्वच्छ आहे, कडकड सतत. रात्री ११ नंतर स्पेक्ट्रोग्रामवर हुकाच्या आकड्यासारख्या वळलेल्या रेघा दिसतात, वरून सरळ खाली येऊन १.७५ किलोहर्ट्झपाशी उजवीकडे वळतात. काहींना ३.५ ला दुसरा आकडाही आहे. हे ट्वीकच ना?

प्रतिसाद – आयनांबर

ट्वीकच. वळणाची वारंवारिता म्हणजे पोकळीची खालची मर्यादा, तिच्याखाली तो मोड (पोकळीत लहर बसण्याची एक पद्धत) पुढे जातच नाही. प्रकाशवेगाला तिच्या दुपटीने भागा: ३००००० भागिले ३.५ हजार, म्हणजे ८५.७ किलोमीटर. त्या क्षणी तुमच्यात आणि त्या विजेत पसरलेल्या आयनांबराची उंची. ३.५ किलोहर्ट्झचा आकडा त्याच पोकळीचा दुसरा मोड, बरोब्बर दुप्पट. आता रात्रभर दर तासाला दहा-दहा ट्वीक मोजा, आणि पहाटे उजाडताना आकडे गायब व्हायच्या आधी ही उंची कशी बदलते ते इथे टाका. स्पेक्ट्रोग्राम काढणाऱ्या एफएफटी या गणिताची खिडकी ५१२ नमुन्यांची ठेवा. मोठी घेतलीत तर आकडा पसरतो आणि वळण कुठे आहे तेच कळत नाही.