काळोखातले पिन-अप फोटो: कला की नुसता मूड?

आरती_दादर: टॅटू, रंगवलेले केस, एका खिडकीचा उजेड आणि बाकी काळोख. २००१ मध्ये अमेरिकेत पोर्टलंडला सुरू झालेल्या ‘सुइसाइडगर्ल्स’ या वेबसाइटने असले पिन-अप, म्हणजे भिंतीवर टाचायचे मादक फोटो, इंटरनेटवर गाजवले. माझ्या मते ही कलाच. १९५० च्या दशकातली अमेरिकन पिन-अप मॉडेल बेटी पेज कॅमेऱ्याकडे बघून गोड हसायची. या मुली बहुतेकदा हसतच नाहीत. बघणाऱ्याला खूश ठेवायची जबाबदारी झटकली त्यांनी! वांद्र्यात आज कुणी टॅटूवालीचा गंभीर पोर्ट्रेट काढतो, त्यात हेच झिरपलंय, त्याला पत्ता असो-नसो.

गिरगावकर: हसू गेलं, गिऱ्हाईक तेच राहिलं की! २००५ मध्ये त्याच साइटवरच्या बऱ्याच मॉडेल करार आणि मानधनाच्या तक्रारी करत बाहेर पडल्या. आणि फोटोंचं म्हणाल तर शॅडो काळ्या करायच्या, ग्रेन, म्हणजे जुन्या फिल्मसारखा रवाळपणा, टाकायचा, झाला मूड तयार.

आरती_दादर: धंदा होताच. रविवर्म्याचा छापखाना १८९४ मध्ये तुमच्याच गिरगावात निघाला, तो काय धर्मादाय होता? बेटी पेजचे गाजलेले फोटो काढणारी बनी येगर तर स्वतः आधी मॉडेल होती. कॅमेऱ्यासमोर कसं अवघडायला होतं हे तिला कुणी शिकवायला नको होतं.

गिरगावकर: रविवर्म्याच्या तसबिरींना लोकांनी हार घातले हो. कुठे तुलना करताय!

लेन्सकॅप: हारांचं राहू द्या, पैशांचं बोला. २०१४ मध्ये रिचर्ड प्रिन्स या चित्रकाराने दुसऱ्यांचे इन्स्टाग्रामवरचे फोटो मोठे छापून न्यूयॉर्कच्या गॅलरीत लावले. त्यात सुइसाइडगर्ल्सचेही होते. ९०,००० डॉलरपर्यंत किंमत गेली. पुढच्या वर्षी सुइसाइडगर्ल्सनी तशाच प्रती ९० डॉलरला विकायला काढल्या. मला तर मूळ फोटोंपेक्षा हा टोलाच जास्त आवडला.

गिरगावकर: म्हणजे गॅलरीत लागलं की कला?

लेन्सकॅप: गॅलरीचं काय घेऊन बसलात? १९५४ मध्ये आपल्या जहांगीरमध्ये लागलेल्या अकबर पदमसींच्या चित्रांवर अश्लीलतेचा खटला झाला होता. सुटले म्हणा.

सायली_के: तुमचं चालू द्या. मी मॉडेलिंग करते. इथे ‘कोलॅब शूट’ म्हणजे पैसे कुणीच देत नाही, मुलीला चार एडिट केलेले फोटो मिळतात. १९५७ च्या कॉपीराइट कायद्याने, कुणी पैसे देऊन काढून घेतला नसेल तर फोटो सहसा फोटोग्राफरचा. चेहरा माझा, टॅटू माझा, पोझही मीच सुचवलेली. फोटो कुठे वापरणार, कधी काढून टाकणार, हे आधी लिहून घ्या.

गिरगावकर: हे पटलं. पण लाइट लावायला काय जातं?