पसरणी घाटात पिल्लू ओकतं: गोळी की सवय?

घाटवाट: बीगल जातीचं कुत्र्याचं पिल्लू, ५ महिने, ७ किलो. कात्रजपर्यंत ठीक, पुढे लाळ सुरू, वळणांवर ओकतं. १० दिवसांनी पाचगणीला जायचंय. माणसांची गाडी लागण्यावरची अ‍ॅव्होमिन पाव गोळी चालेल का? उपाशी किती तास ठेवू?

पंजाछाप: अ‍ॅव्होमिन नको. कुत्र्यात तिचा भरवसा नाही, गुंगी मात्र येते. पेरिनॉर्म (उलटीवरची गोळी) सुचवणारेही भेटतील, पण गाडी लागणं सुरू होतं ते कानातल्या तोलाच्या भागातून, तिथे ती फारशी चालत नाही. जनावरांच्या डॉक्टरांना मारोपिटन्टबद्दल, म्हणजे कुत्र्यांच्या उलटीवरच्या औषधाबद्दल, विचारा. प्रवासासाठी मात्रा किलोला ८ मिग्रॅ, म्हणजे तुमच्याकडे ५६, जवळची गोळी ६० ची. साध्या उलट्यांना किलोला २ च देतात आणि घोळ इथेच होतो: चिठ्ठीवर ‘प्रवासासाठी’ नसेल तर कमी मात्रा पोटात जाते आणि औषधच कुचकामी ठरतं. निघण्याआधी किमान २ तास, घासभर खाण्यासोबत. चीजमध्ये घट्ट गुंडाळू नका, विरघळायला उशीर होतो. दिवसातून एकदाच, लागोपाठ २ दिवसांपेक्षा जास्त नाही.

घाटवाट: आणि उपास? डिकीत मोकळी जागा आहे, तिथे बसवू?

मागची_सीट: डिकीत सगळ्यात जास्त हेलकावे, तिथे नको. मागच्या सीटवर मधोमध, छातीच्या हार्नेसला बेल्ट, तोंड पुढे. गळपट्ट्याला बेल्ट कधीच नाही, ब्रेक लागला की मान आवळते. बाजूच्या काचेवर टॉवेल लावा, पळती झाडं दिसली की मळमळ वाढते. पुढची काच दोन बोटं उघडी. डॅशबोर्डवरचा सुगंधी डबा आधी घरी ठेवा!

मोठा कुत्रा ६-८ तास उपाशी चालतो, पिल्लाला इतका ताण नको, साखर उतरते. नेहमीच्या निम्मं, ३-४ तास आधी. पाणी थांबाल तिथे चार घोट.

पंजाछाप: ओठ चाटणं, जांभया, मग हनुवटीवरून लाळेची तार. तार दिसली की उशीर झालेला असतो, जांभईलाच गाडी थांबवा. वाईत घाटाआधी १५ मिनिटं फिरवा.

मागची_सीट: दहा दिवस आहेत तर सवयही लावा. पहिले २ दिवस बंद गाडीत नुसता खाऊ, मग इंजिन चालू ठेवून ५ मिनिटं, मग गल्लीला एक फेरी. लाळ आली तर एक पायरी मागे. कानातला तोलाचा भाग अजून पक्का झालेला नसतो, वर्षाच्या आसपास बऱ्याच पिल्लांचं आपोआप थांबतं.