बाकी असणं वेगळं, थकबाकीदार असणं वेगळं

सोसायटीच्या खात्यात एक रुपया जरी बाकी दिसला तरी कमिटीच्या निवडणुकीला उभं राहायचा फॉर्म बाद, असं तुम्ही म्हणताय, पण कायदा तसं म्हणत नाही हो. 2019 च्या दुरुस्तीनंतर हाउसिंग सोसायट्यांसाठी महाराष्ट्राच्या सहकार कायद्यात 154 ब च्या कलमांचं वेगळं प्रकरण आलं, त्यात थकबाकीदार कोण ते स्पष्ट दिलंय. बिल मिळालं ती तारीख, नोटीस मिळाली ती तारीख किंवा पैसे भरायची शेवटची तारीख, यातली जी सगळ्यात नंतरची असेल तिथून तीन महिने पैसे न भरता गेले तरच माणूस थकबाकीदार ठरतो.

आमच्याकडे हेच झालं. एका काकांचं एप्रिलचं बिल राहिलेलं, भरायची तारीख 30 एप्रिल, आणि छाननी 12 जुलैला. म्हणजे तीन महिने झालेच नव्हते, तरी सेक्रेटरींनी लेजरचं पान उघडून लाल पेनने गोल केलेला आकडा दाखवला आणि फॉर्म बाजूला ठेवला. काका बिचारे चेकबुक हातात घेऊन उभे होते, मला अजून वाईट वाटतं त्याचं. मग बिलावरची तारीख दाखवून निवडणूक अधिकाऱ्यांना लेखी हरकत दिली तेव्हा कुठे अर्ज वैध झाला.

आणि नुसती बाकीच बघू नका, दोनपेक्षा जास्त मुलं नसावीत अशीही अट आहे, ती लोकांना माहीतच नसते. बायकोच्या नावावर फ्लॅट असेल तर नवऱ्याला सहयोगी सभासद (म्हणजे मूळ सभासदाच्या संमतीने तिचे हक्क वापरणारा) होऊन उभं राहता येतं, पण तिची लेखी संमती आधीच दिलेली हवी, छाननीच्या दिवशी धावपळ करून भागत नाही.