पोरगी तेच तेच वाक्य बोलते, शाळेत मात्र एकदम शहाणी. बंद करायचं का हे?

दारव्ह्याकडची
नमस्कार सगळ्याइले. माही पोरगी सातवीत आहे, दारव्ह्याजवळच्या खेड्यात राह्यतो आम्ही, तिले ऑटिझम आहे हे मागच्या वर्षी नागपूरच्या डॉक्टरनं सांगतलं. शाळेत तिची काहीच तक्रार नाही, 'हो मॅडम, समजलं मॅडम' म्हणते, बाजूची पोरगी हसली का हेही हसते, मान तिच्यासारखीच हलवते, आवाजही तसाच काढते. अन घरी आली का दप्तर फेकते, कोनाशी बोलत नाही, कोपऱ्यात बसून मंग एसटी स्टँडवरची अनाउन्समेंट चालू, 'प्रवाशांनी कृपया लक्ष द्यावे, यवतमाळकडे जाणारी गाडी फलाट क्रमांक दोनवर लागली आहे', संध्याकाळभर तेच. नाहीतर आजीचं 'बसा ना जी, च्या घेता का', तेही आजीच्याच सुरात. सर म्हणते पोरगी नॉर्मल आहे, तुम्हीच लाडावली. सासूबाई म्हणते दर वेळी तोंडावर बोट ठेवायले लावा, सवय सुटन. आता दिराचं लग्न आहे, घर पाव्हण्याइनं भरन, मले तिच्या त्रासाचं टेन्शन आहे. हे बोलणं बंद करायचं असते का? अन पाव्हण्याइसमोर बोलायचे चार वाक्य पाठ करून घेऊ का?

स्पीचवाली_अमरावती
ताई, बंद अजिबात करू नका, तोंडावर बोट तर नकोच. याला इकोलालिया म्हणतात, बऱ्याच ऑटिस्टिक मुलांची भाषा अशीच अख्ख्या वाक्यांतून येते. 1943 मध्ये लिओ कॅनर या डॉक्टरनी 11 ऑटिस्टिक मुलांबद्दल लिहिलं त्यातही अशी उचललेली वाक्यं आहेत. पुढे बरीच वर्षं लोक याला नुसती बडबड समजून मोडून काढायचे, पण 1981 मध्ये बॅरी प्रिझंट आणि ज्युडिथ डुकन या वाचा-भाषा तज्ज्ञांनी मुलं ऐकलेलं लगेच परत म्हणतात तेव्हा नेमकं काय चाललेलं असतं ते बारकाईनं तपासलं, तर त्यात 7 वेगवेगळी कामं सापडली, हो म्हणणं, काही मागणं, आपली पाळी घेणं, स्वतःला सांगत सांगत काम करणं वगैरे. ऐकल्यावर बऱ्याच वेळानं म्हटलेल्या वाक्यांचाही असाच अभ्यास 1984 मध्ये झाला. तेव्हा एक वही करा, वाक्य कोणतं, त्याच्या आधी घरात काय चाललं होतं, बोलून झाल्यावर ती कुठं गेली. स्टँडच्या वाक्याचा अर्थ 'मला इथून जायचंय' असाही असू शकतो. तसं वाटलं तर तिच्या वतीनं तुम्हीच साधं वाक्य म्हणा, 'मला बाहेर जायचंय', आणि घेऊन जा. 'नीट बोल, परत म्हण' असं करू नका. आणि कधी कधी ती फक्त मन शांत करायला बोलत असेल, तेव्हा नुसतं जवळ बसलं तरी चालतं.

कपाशी_काउंटर
मी सोता ऑटिस्टिक आहो, अचलपूरकडं कृषी केंद्रात काम करतो, समजलं तेच तिशीनंतर. माह्यं काउंटरवरचं सारं बोलणं ठरलेलं आहे, 'कोणतं पीक, किती एकर, तिकडं पाणी पडला का'. लोकाइले वाटते माणूस लय बोलका आहे. पण कोनी मधातच भलतं काही विचारलं का डोकं बंद पडते. तरी पाठ वाक्यानं काम सोपंच होते, खरा जीव जाते तो बाकीच्यानं, समोरच्याच्या डोळ्यात पाहा, हात हलवू नको, सगळे हसले का हास, हे दिवसभर सांभाळून घरी गेलो का मले जेवायचंही सुचत नाही. तुमची पोरगी दप्तर फेकते ना, तिनं सहा तास तेच केलेलं असते. याले हलक्यात घेऊ नका ताई, 2018 मध्ये ब्रिटनमध्ये सारा कॅसिडी अन त्याइच्या टीमनं वयानं मोठ्या ऑटिस्टिक माणसाइचा अभ्यास केला, त्यात अशी लपवालपव जास्त करणाऱ्याइमध्ये जीव देण्याच्या विचाराचा धोका जास्त दिसला. म्हणून घरी तरी तिले बोलू द्या, डोलू द्या. अन लग्नासाठी वाक्य शिकवाचंच असन तर पाव्हण्याइच्या कामाचं नको, तिच्या कामाचं शिकवा. 'मी आत जाते.' 'मले आवाज सहन नाही होत.' ते बोलली का कोनीही अडवाचं नाही, हे घरच्याइले आधीच सांगून ठेवा.

झेडपी_मास्तर
सरांना शांत पोरगी दिसते, म्हणून नॉर्मल म्हणतात. पोरींचं तर बऱ्याचदा असंच होतं, त्या वर्गात मिसळून जातात अन कोणाच्या लक्षातच येत नाही. एक दिवस घरचा व्हिडिओ दाखवा त्यांना, पोरीला विचारून. मधल्या सुट्टीत तिला गलक्यातून बाजूला बसायची जागा मागा. 2016 च्या दिव्यांग कायद्यात ऑटिझम आहे, यूडीआयडी कार्ड, म्हणजे दिव्यांगांचं सरकारी ओळखपत्र, काढून ठेवा, दहावीला सवलत मागताना लागेल. जिल्हा रुग्णालयात डीईआयसी केंद्र असते, मुलांच्या वाढीतल्या अडचणी लवकर ओळखून मदत करणारं, 18 वर्षांपर्यंतच्या मुलांसाठी, तिथं विचारा.

दारव्ह्याकडची
वही केली जी. फलाटाचं वाक्य घरात टीव्ही, कुकर अन शेजारच्या बाया असं सारं एका वेळी असलं का येते. काल म्या म्हनलं 'मले बाहेर जायचं आहे' अन मागच्या आंगनात नेलं, तर थांबली, निंबाखाली बसली लय वेळ. 'च्या घेता का' मात्र अजून समजलं नाही मले. सासूबाई काही मानून नाही राह्यली, पण बोट ठेवणं बंद केलं. आता हळदीच्या दिवशी डीजे आहे, त्याचं काय करू?

कपाशी_काउंटर
कारखान्यात कानावर घालते ते इअरमफ पाहा, मोठ्या हार्डवेअरच्या दुकानात भेटते. आधी घरी घालून पाहू द्या, एकदम मांडवात नको. अन डीजेपासून दूरची एक खोली तिच्यासाठीच ठेवा, पाव्हण्याइच्या बॅगा तिथं नका ठेवू.