बहुपदींचा भागाकार : अवयव व आलेख यांच्या ताळ्यातून चुकीचे उत्तर सुटते, मदत हवी आहे

नमस्कार. मी परभणी जिल्ह्यातील सेलू येथे नववी-दहावीच्या काही मुलामुलींना सायंकाळी घरी गणित शिकवते. भाजक गुणिले भागाकार अधिक बाकी हा नेहमीचा ताळा मुले घाईत करतात आणि भागाकारात झालेली चिन्हाची चूक गुणाकारातही तशीच उमटते, म्हणून मी त्यांना भाज्याचे अवयव पाडून व आलेख काढून उत्तर पडताळायला सांगते. मागच्या आठवड्यात मात्र याच ताळ्याने एका मुलीचे चुकीचे उत्तर बरोबर ठरवले, आणि तिला काय सांगावे हे मला नीट सुचले नाही.

उदाहरण असे होते (^ हे चिन्ह घातासाठी आहे) :
(२क्ष^३ − ३क्ष^२ − ११क्ष + ६) ÷ (२क्ष − १)

तिने संश्लेषक पद्धतीत (फक्त सहगुणक मांडून भागाकार करण्याच्या रीतीत) १/२ घेतले. सहगुणक २, −२, −१२ आणि बाकी ० आली, आणि तिने २क्ष^२ − २क्ष − १२ हा भागाकार लिहिला. भाजक क्ष − १/२ नसून त्याची दुप्पट असल्यामुळे हे सहगुणक निम्मे करायला हवे होते. खरा भागाकार क्ष^२ − क्ष − ६ आहे. तिने अवयव पाडले, ते (क्ष − ३) व (क्ष + २) असे आले, बाहेरचा २ तिने महत्त्वाचा मानला नाही. भाज्याचा आलेख क्ष-अक्षाला −२, १/२ आणि ३ येथे छेदतो. त्यातून भाजकाचा १/२ वगळला की −२ व ३ उरतात, आणि तिचा वक्र नेमका तेथेच छेदतो. तिच्या दृष्टीने ताळा जुळला होता.

मी तिला क्ष = ० ठेवायला सांगितले. भाज्य ६, भाजक −१, म्हणजे भागाकार −६ यायला हवा. तिचा −१२ येतो. माझा पहिला प्रश्न हाच आहे : भागाकाराची कोटी दोन आहे हे आधीच ठाऊक असताना दोन मुळे आणि य-अक्षावरचा छेदनबिंदू, असे तीन वेगवेगळे बिंदू जुळले की उत्तर निश्चित झाले, असे नववीच्या मुलांना सांगणे पुरेसे काटेकोर होईल का, आणि त्याचे कारण त्यांना समजेल अशा भाषेत कसे मांडावे?

दुसरी अडचण आलेखाची. क्ष = १/२ येथे भाज्य ÷ भाजक हे ०/० होते, त्यामुळे तो बिंदू वक्रातून वगळावा लागतो; या उदाहरणात तो (१/२, −२५/४), म्हणजे नेमका वक्राचा शिरोबिंदूच आहे. मोबाइलवर जिओजेब्रा हे आलेख काढणारे ॲप वक्र अखंड दाखवते. शिवाय बहुतेक घरांत एकच मोबाइल, आणि कापूस वेचणीच्या दिवसांत तोही दिवसभर शेतात असतो, त्यामुळे आमचे बरेचसे काम आलेख कागदावरच चालते.

तिसरा प्रश्न बाकी उरते तेव्हाचा आहे. वरच्या भाज्यात ६ ऐवजी १० घेतले तर बाकी ४ येते, आणि सहगुणक निम्मे केले तरी ही बाकी निम्मी होत नाही, येथे मुले हमखास चुकतात. अशा वेळी सोपे अवयव मिळत नाहीत. क्ष = १० ठेवले तर १६०० ÷ १९, म्हणजे सुमारे ८४.२१ येते आणि भागाकार ८४ असतो. हा फरक ४/१९ आहे, एवढे मी दाखवू शकते. पण आलेख कागदावर ८४ आणि ८४.२१ वेगळे दिसत नाहीत. बाकीचा ताळा आलेखावर डोळ्यांना दिसेल असा घ्यायचा असेल, तर क्षच्या कोणत्या किमती आणि कोणते प्रमाण आपण घेता?