स्टॉल म्हणजे इंजिन बंद पडणं नव्हे

इथल्या चर्चेत एकांनी 'विमान स्टॉल झालं म्हणजे इंजिन बंद पडलं' असं लिहिलंय. यवतेश्वरच्या घाटात आमची गाडी बंद पडते ते वेगळं. विमानाच्या स्टॉलचा इंजिनाशी थेट संबंध नाही. इंजिनच नसलेलं ग्लायडरसुद्धा स्टॉल होतं.

लहानपणी सातारा-कास एसटीत खिडकीबाहेर हात काढून बसायचो (कंडक्टर ओरडायचे, ते बरोबरच होतं). तळहात आडवा धरून पुढची कड जरा उचलली की हात आपोआप वर जायचा. आणखी तिरका केला की उचल संपायची आणि हात नुसता मागे ढकलला जायचा. पंखाचंही तसंच. समोरून येणारी हवा आणि पंख यांच्यातला कोन साधारण १५ अंशांच्या पुढे गेला की वरच्या बाजूची हवा पंखाला चिकटून वाहत नाही, सुटते. उचल एकदम घटते. हा स्टॉल.

उपाय मनाला न पटणारा: खाली पडत असताना नाक आणखी खाली करायचं, म्हणजे तो कोन कमी होतो आणि हवा पुन्हा पंखाला चिकटून वाहते. २००९ मध्ये एअर फ्रान्सचं फ्लाइट ४४७ हे विमान स्टॉल होऊन अटलांटिकमध्ये कोसळलं, तेव्हा दोन्ही इंजिनं चालू होती. नाक मात्र बहुतेक वेळ वरच धरलेलं होतं. २२८ माणसं गेली.

स्टॉलसाठी मराठी शब्दाचं म्हणाल तर चर्चेत सुचवलेला 'गतिरोध' मला पटत नाही, रस्त्यावरचा स्पीडब्रेकरच आठवतो. 'उचल तुटणे' कसं वाटतं?